कोरांटीचा दुसरा चंद्र

औशाहून लातूरकडं निघालं, की गाव संपता संपता नीलम्मा मंगल कार्यालय लागतं. मालक महादेवप्पांनी ते आईच्या नावानं बांधलं. आईनं मात्र जिवंत असेतोवर त्यात पाऊल टाकलं नाही. पायाभरणीच्या वेळी कुणीतरी शिंकलं होतं आणि तरीही अप्पांनी कुदळ मारली होती, हा तिचा राग. त्या कार्यालयात बुकिंगच्या टेबलावर महामाया सोनकांबळे बसते. ही तिची हकिकत.

महामाया मूळची भोकरची, औशात दिलेली. नवरा संघपाल वायरमन. सासू नागुबाई रिकामी. म्हणजे हातांनी रिकामी, तोंडाला तिच्या उसंत नसते. महामायाचं काम सांगायला सोपं होतं. लोक तारीख विचारायला येत आणि ती तारीख आहे की नाही ते सांगायचं. पण या कामामुळं तिला वर्षातल्या दिवसांच्या दोन जाती पाठ झाल्या होत्या. एका जातीच्या दिवशी तीन-तीन पार्ट्या एकमेकांच्या गचांडीला हात घालत, वधूपिते तिच्या टेबलावर आडवे पडत, आणि आमदारांचे फोन येत. दुसऱ्या जातीच्या दिवशी स्टेजवर कबुतरं बसत आणि वॉचमन राजाराणीच्या खुर्च्यांवर आपली बनियन वाळत घाली. या दोन दिवसांत फरक काय, हे तिनं खिडकीतून पुष्कळदा बघितलं होतं. ऊन सारखंच पडायचं.

तिचं स्वतःचं लग्न एका रविवारी झालं, कारण संघपालला रविवारी सुट्टी असायची. बुद्धवंदना झाली, हार घातले, जेवणं झाली. तो रविवार चांगला होता की वाईट, हे कुणी कुणाला विचारलं नाही. संसार बरा चालला होता, अधूनमधून तर फार बरा.

कबुतरांच्या दिवशी करायला काही नसे. म्हणून ती फोनवर गोष्ट लिहायला लागली. गोष्टी वाचायचं-लिहायचं एक ॲप असतं, त्यावर तिनं कोरांटी नावाचा एक देश उभा केला. तिथं धूमकेसरी नावाची राणी होती, बोलणारी झाडं होती, आणि सरदार लोक घोड्यांऐवजी पंखवाल्या, देवणी जातीच्या वळूंवर बसून उडायचे. भाग पडत गेले, वाचणारे वाढत गेले. नागुबाईला वाचता येत नव्हतं, पण सून जेवताना पुढं काय झालं ते सांगे आणि नागुबाई शेजारी जाऊन त्यात आपल्या पदरचं घालून सांगे. शेजारणीच्या कोरांटीत त्यामुळं एक जास्तीचा खून झालेला होता.

घोटाळा राणीच्या पोटापासून सुरू झाला. राणीला दिवस गेले, ते महामायानं मोठ्या थाटात लिहिलं. मग लढाई आली, मग दुष्काळ, मग दुसऱ्या राज्याशी तह, मग परत लढाई. राणी दरवेळी "पोटावर हात ठेवून" हुकूम सोडत होती. एके दिवशी शिवमूर्ती नावाच्या वाचकाचा अभिप्राय आला. हे देवणीचे, जनावरांचे निवृत्त डॉक्टर. त्यांनी लिहिलं होतं, की मी नोकरीभर गाभण जनावरं तपासली आहेत. आपल्या राणीसाहेबांना दिवस गेल्यापासून कथेत तीन पावसाळे झाले. हत्तीणसुद्धा इतकी थांबत नाही. तरी एकदा तपासून घ्यावे. त्याखाली हसणाऱ्या लोकांची रांग लागली. कुणी राणीला सोनोग्राफी सुचवली, कुणी लातूरच्या डॉक्टरांचे पत्ते दिले.

महामाया फणफणली. दोन दिवस तिनं फोनला हात लावला नाही. तिसऱ्या दिवशी तिनं वाचकांना कळवलं, की तुमचं वर्ष म्हणजे जगाचं वर्ष नव्हे. कोरांटीतलं वर्ष वेगळं असतं आणि ते कसं असतं हे पुढच्या भागात येईल. तोंडातून निघून गेलं होतं, आता करणं भाग होतं. तिनं कबुतरांचा एक अख्खा आठवडा त्यात घातला.

कोरांटीच्या आभाळात दोन चंद्र आहेत, असं तिनं ठरवलं. थोरला आणि धाकटा. थोरला सरळमार्गी, धाकटा भटक्या. दोघांची गाठ पडली की नवा महिना लागतो. पण धाकट्याचा काही भरवसा नसल्यामुळं एखादा महिना चुटकीत संपतो, तर एखादा लांबत जातो. राणीचे नऊ महिने असे लांबलेले होते, यात राणीचा काही दोष नव्हता. महिन्यांना नावं दिली ती आपल्याच महिन्यांच्या अंगानं: वैताग, ज्येष्ठ्या, भादरपद. भादरपदात कोरांटीची सगळी फौज डोकी भादरून घेते. पौषाच्या जागी तिनं ऊस हा महिना घातला, कारण त्या दिवसांत औशाच्या रस्त्यावर दुसरं काही दिसतच नाही.

वार सहा केले. धुणवार, भांडवार, उसनवार, गप्पवार, फिरवार आणि निजवार. भांडवारी भांडून घ्यायचं, बाकीच्या दिवशी तोंड बंद. गप्पवारावरून वाचकांत दोन तट पडले. त्या दिवशी गप्प बसायचं की गप्पा मारायच्या, यावर इतकी हमरीतुमरी झाली, की शेवटी शिवमूर्ती डॉक्टरांनी हा वाद भांडवारी करावा अशी सूचना केली.

आणि वर्षाच्या शेवटी एक दिवस शिल्लक राहिला. हिशेबात कुठंच बसेना. महामायानं तो तसाच सुटा ठेवला आणि त्याला नाव दिलं बिनमालकाचा दिवस. तो कुठल्याही महिन्यात मोडत नाही, त्याला वार नाही. त्या दिवशी कोरांटीत कुणीच कुणाचं मालक नसतं. राणी सिंहासनावरून उतरून बाजारात हिंडते, गडी धन्याला हाक मारून पाणी मागतो, बैलाच्या गळ्यातलं दावं काढून ठेवतात.

राणी वैतागात बाळंत झाली, मुलगी झाली, डॉक्टरांनी अभिनंदन केलं. मात्र वाचकांना आता नवीन खूळ लागलं. आज कोरांटीत कोणता वार, हे त्यांना रोज पाहिजे होतं. म्हणून महामायानं आपल्या तारखा बारीक अक्षरात आणि कोरांटीच्या ठळक अक्षरात, असा वर्षाचा एक तक्ता केला आणि ॲपवर टाकला. लग्नपत्रिका छापणाऱ्याकडून मोठ्या कागदावर एक प्रत काढून तिनं आपल्या टेबलामागच्या भिंतीवर चिकटवली. वर पंखवाला वळू, त्याच्या दोन्ही बाजूंना दोन चंद्र. दोन्ही चंद्र जिथं गाठ घेतात तिथं लाल ठिपके. दिसायला झकास होतं. अप्पांनी बघितलं, आणि हे कुण्या देवाचं हाय एवढंच विचारलं.

घरी नागुबाईनं तर ती कालगणना लागूच करून टाकली. उसनवारी ती शेजारी साखर मागायला जाई, आणि शेजारीण उसनं परत मागायला आली की आज निजवार आहे म्हणून आडवी होई. संघपाल म्हणाला, की या बाईला आजवर कुठल्याच पंचांगानं बांधलं न्हाई, आता ही स्वतःच एक घेऊन बसली.

उन्हाळ्याच्या तोंडाशी महामाया भाच्याच्या लग्नासाठी भोकरला गेली. तिच्या जागी अप्पा स्वतः टेबलावर बसले. तेव्हाच देवणीकडचे किशनराव आले. बागायतदार माणूस, डोक्याला रुमाल, हातात गाडीची किल्ली. त्यांना मुलीसाठी तारीख पाहिजे होती आणि ती मिळत नव्हती. मुलगी शिवकन्या. जावई ठरलेला, सुदर्शन, तो जहाजावर नोकरीला. टँकरपेक्षा मोठं पाणी न पाहिलेल्या घराण्यातला मुलगा समुद्रावर गेल्यामुळं त्याचं गावात फार नाव होतं. पण जहाज सुदर्शनसाठी थांबणार नव्हतं. आणि जोशीबुवा म्हणत होते, शुक्राचा अस्त आहे, तो उलटल्यावर बघू. शुक्र उगवायच्या आत नवरदेव आफ्रिकेजवळ पोचला असता. अस्ताआधीच्या ज्या थोड्या तारखा होत्या, त्यांना औशापासून उदगीरपर्यंत एक कार्यालय मोकळं नव्हतं.

किशनराव हताश होऊन उठले आणि त्यांची नजर भिंतीवर गेली. शिवकन्येनं आदल्याच दिवशी त्यांना फोनवर असाच एक तक्ता दाखवला होता, हे पण पंचांगच असतंय अण्णा, असं म्हणून. आता तोच कार्यालयाच्या भिंतीवर, छापील. त्यांनी अप्पांना विचारलं, की हे कसलं.

अप्पांच्या डोळ्यांपुढं उन्हाळ्यातल्या कबुतरांच्या तारखा उभ्या राहिल्या असणार. त्यांनी सांगितलं, की हे खालच्या मुलखातलं जुनं पंचांग आहे, दोन चंद्रांचं.

"दोन?" किशनराव म्हणाले. "आपल्याला तं एकच दिसतोय."

"दुसरा दिसत न्हाई म्हनून तर पंचांग लागतंय," अप्पा म्हणाले.

किशनरावांनी तक्त्यावर बोट फिरवत सुदर्शनच्या रजेत बसणारा दिवस शोधला. रजेत एकच ठळक चौकट पडत होती, बाकीच्यांपासून वेगळी काढलेली, भोवती वेलबुट्टी. बिनमालकाचा दिवस. अप्पांनी सांगितलं, की हा सगळ्यात भारी मुहूर्त, वर्षातून एकदाच येतो. तारीख पक्की झाली.

किशनरावांना चारचौघांत बोलायची हौस होती. आपल्या मुलीचं लग्न एका चंद्रावर नाही, दोन चंद्रांवर होणार, हे त्यांनी देवणीपासून निलंग्यापर्यंत सांगितलं. ज्यांना शुक्रानं अडवून ठेवलं होतं ते सगळे औशाला धावले. महामाया भोकरहून परत आली तेव्हा तिच्या टेबलाजवळ नवा कूलर होता आणि कबुतरांच्या जवळजवळ सगळ्या तारखा भरल्या होत्या. तिला वाटलं, शुक्र लवकर उगवला. मग एक बाई आली आणि तिनं विचारलं, की माझ्या मुलाची रास वृश्चिक हाय, त्याला भांडवार चालंल का.

महामायानं त्या बाईला बसवलं, पाणी दिलं, आणि अप्पांना मागच्या कोठीत गाठलं. काय झालं ते अप्पांनी न लाजता सांगितलं. ती म्हणाली, की अप्पा, हे मी बसल्या बसल्या मनानं रचलंय. राणीचं पोट निस्तरायला रचलंय. लोकांना फसवून राहिलेत तुम्ही.

अप्पांनी तांदळाच्या पोत्यावर बसून घेतलं. "तुझं बसून रचलेलं," ते म्हणाले. "आन बाकीची काय आभाळातून पडली? ती बी कुनीतरी बसूनच रचली असतील की. त्यांच्याजवळ कूलर नव्हता एवढंच."

महामाया कार्यालयाच्या पायऱ्यांवर बराच वेळ बसली. अप्पांचं म्हणणं तिला पटत होतं, हाच तिचा त्रास होता. ती आयुष्यभर हेच म्हणत आली होती. फक्त तिच्या म्हणण्याचा शेवट असा नव्हता.

घरी सांगितल्यावर संघपाल आधी हसला आणि मग हसायचा थांबला. त्याच्या वडिलांनी धम्मदीक्षेनंतर घरातलं पंचांग चुलीत घातलं होतं आणि त्यावर चहा केला होता, ही त्यांच्या घरातली अभिमानाची गोष्ट होती. पाहुणे आले की अजून सांगितली जाते. आता त्याच घरातून लोकांना मुहूर्त जात होते.

नागुबाईला मात्र यात काही वाईट दिसलं नाही. "तुझा सासरा असता तर हसून हसून मेला असता," ती म्हणाली. "तसा तो मेलाच हाय म्हना. पर आजवर ते सांगायचे आन आपन ऐकायचं. आता आपन सांगायलाव आन ते ऐकायलेत. ऐकू दे की चार दिवस."

"आत्या, खोटं आहे ते," महामाया सासूला म्हणाली.

"मंग जा आन सांग त्यास्नी. मी बी येते."

रविवारी सासू-सुना बसनं निलंग्याला आणि तिथून देवणीला गेल्या. किशनरावांचं घर सापडायला अडचण आली नाही. दोन चंद्रांचं लग्न कुणाकडं, असं विचारलं की लोक बोट दाखवत होते. अंगणात मांडवाचे बांबू येऊन पडले होते. एक धिप्पाड देवणी वळू गोठ्यातून दोघींकडं बघत होता. नागुबाईनं त्याच्या पाठीवर पंखांची जागा शोधून बघितली.

किशनरावांनी आदरानं बसवलं. कार्यालयाच्या बाई घरी आल्या म्हणजे काहीतरी हिशेबाचं असणार, असा त्यांचा समज झाला. महामायानं घोटभर पाणी पिऊन एका दमात सगळं सांगितलं. राणी, तिचं पोट, देवणीचे डॉक्टर, धाकटा चंद्र, अप्पा. मुहूर्त नाही, शास्त्र नाही, खालचा मुलूख नाही. माझी गोष्ट हाय, असं ती म्हणाली.

किशनराव रुमाल काढून मांडीवर ठेवून बसले. मग म्हणाले, "म्हंजे दुसरा चंद्र न्हाईच."

"न्हाई काका."

"मी उदगीरच्या व्याह्याला गच्चीवर नेऊन दाखवला," ते म्हणाले. "त्याला बी दिसला."

तोवर शिवकन्या चहा घेऊन आली होती आणि कप हातात देऊन जायच्या ऐवजी दाराला टेकून उभी राहिली होती. तिनं महामायाला विचारलं, की पुढचा भाग कधी येणार. महामायाला क्षणभर कळेना. मग कळलं, आणि तिच्या बशीतला चहा सांडला. ही पोरगी कोरांटीची पहिल्या भागापासूनची वाचक होती. तक्ता तिनंच बापाला मुद्दाम दाखवला होता. तो दिवस सुदर्शनच्या रजेत बसतो, हे तिनं आधीच बघून ठेवलं होतं. फक्त कार्यालयाच्या भिंतीवर तोच तक्ता लागलेला निघेल, हे तिच्या ध्यानीमनी नव्हतं.

"अण्णा मुहूर्ताशिवाय ऐकत नव्हते," ती शांतपणे म्हणाली. "म्हनून मुहूर्त दिला."

किशनराव मुलीकडं बघत राहिले. महामायाला वाटलं आता हे ओरडतील. ते ओरडले नाहीत. त्यांनी विचारलं, की त्या दिवसाला नाव काय म्हनलं होतं. बिनमालकाचा, शिवकन्या म्हणाली. आणि त्या दिवशी काय असतं, हेही तिनंच सांगितलं, महामायाच्या तोंडून येण्यापेक्षा चांगलं सांगितलं. दावं सोडतात इथपर्यंत. शेवटी म्हणाली, "कन्यादान नको अण्णा. त्या दिवशी मी कुनाची नसते. तुमची न्हाई, सुदर्शनची न्हाई. मग दान कोन करनार, आन कशाचं?"

आता मात्र किशनराव उठले आणि गोठ्याकडं गेले. वळूच्या मानेवर हात ठेवून पाठमोरे उभे राहिले. शिवकन्येची आई उज्वला आतून आली, तिनं नवऱ्याकडं बघितलं, लेकीकडं बघितलं, आणि पाहुण्यांना जेवून जायचा आग्रह केला. नागुबाई लगेच हो म्हणाली.

जेवताना किशनराव परत आले. तारीख तीच राहील, एवढं त्यांनी सांगितलं. पत्रिका वाटून झाल्या आहेत, व्याह्यानं चंद्रसुद्धा पाहिला आहे. दुसऱ्या गोष्टीबद्दल ते काही बोलले नाहीत. निघताना महामाया म्हणाली, की मला कुणी विचारलं तर मी खरं सांगेन. किशनराव म्हणाले, "लग्नात खरं कोन इचारतंय."

लग्नाच्या दिवशी ऊन रोजच्यासारखंच होतं. कार्यालय गच्च भरलं होतं. अक्षता पडल्या, बँड वाजला, सुदर्शन घामानं निथळत होता. समुद्रावर इतकं गरम नसतं असं तो सगळ्यांना सांगत होता. मग भटजींनी कन्यादानाला मुलीच्या आईबापाला बोलावलं. हंडा-कळशी मांडलेली होती. किशनराव पाटावर येऊन बसले, उज्वला बसली. भटजींनी हात पुढं करा म्हणून सांगितलं. शिवकन्या बापाकडं बघत होती. महामाया खांबाजवळ उभी होती आणि आपण हे सगळं कशाला रचलं असं तिला झालं होतं.

किशनरावांनी हात पुढं केला नाही. भटजी म्हणाले, किशनराव, हात. किशनराव म्हणाले, "हे ऱ्हाऊ द्या. पुढचं घ्या."

भटजी गोंधळले. कन्यादान राहू दिलं तर दोष लागतो, असं ते म्हणाले. मागून एक-दोन म्हाताऱ्यांनी माना हलवल्या. उदगीरचे व्याही पुढं सरकून काय झालं ते विचारू लागले. किशनराव पाटावरून उठून उभे राहिले, आणि ज्या आवाजात ते मोंढ्याच्या धान्यबाजारात बोलतात त्या आवाजात म्हणाले, "दोन चंद्रांच्या पंचांगात ते नसतंय."

व्याह्यांनी ते लगेच मानलं. त्यांनी तर चंद्र पाहिलाच होता. भटजींना याच मुहूर्तावरचं दुसरं लग्न लातूरला गाठायचं होतं, त्यांनी पोथीची पानं उलटली. किशनराव खाली बसले तेव्हा त्यांचे डोळे भरलेले होते आणि ते धुराला शिव्या देत होते. होम अजून पेटवायचा होता. शिवकन्येनं वाकून बापाचा रुमाल नीट केला. नागुबाई या गर्दीचा फायदा घेऊन नवरानवरीच्या सोफ्यावर जाऊन बसली होती, आणि फोटोग्राफरनं तिला उठा म्हटल्यावर आज कुनी कुनाला उठवायचं न्हाई असं तिनं त्याला बजावलं.

इथं संपलं असतं तर बरं झालं असतं. पण राहिलेल्या तारखा होत्याच. आता तर लोक विचारायला लागले, की आमच्याकडं मुलगा आहे, दोन चंद्रांत हुंडा बसतो का. महामायानं ठरवलं, की हे थांबवायचं. पुढच्या भागात तिनं पंखवाल्या वळूला धाकट्या चंद्रावर सोडलं. वळूनं चंद्राला कडबा समजून खाऊन टाकलं. कोरांटीत महिने संपले, वार संपले, लाल ठिपके संपले. लिहून झाल्यावर तिनं भिंतीवरचा तक्ता काढला, आणि आता इथं फक्त साधी तारीख मिळेल असं अप्पांना सांगितलं. वाचकांनी आकांत मांडला. शिवमूर्ती डॉक्टरांनी वळूला अपचन होईल म्हणून औषध लिहून दिलं.

अप्पांनी कूलर आपल्या खोलीत नेला. आणि चार दिवसांनी ते टेबलाजवळ येऊन खाजगी आवाजात विचारू लागले. "एक पार्टी आली हाय. चंद्र मेला तर सुतक किती दिवस धरायचं, असं इचारायलेत. काय सांगू?"

महामायानं डोकं टेबलावर ठेवलं.

तिच्यानं जे झालं नाही ते निलंगा रोडच्या एका नव्या कार्यालयानं केलं. त्यांनी तीन चंद्रांचं पंचांग काढलं. रंगीत, मागं जाहिराती. दोनवाले लोक तीनकडं गेले. मग कुठंतरी पाचाचं निघाल्याचं ऐकू आलं. तोवर शुक्र उगवला आणि सगळे मुकाट्यानं एकावर परत आले. अप्पांनी म्हटलं, लोकांना शिस्त न्हाई.

शिवकन्या सासरी गेली. म्हणजे उदगीरला सासू-सासऱ्यांकडं, कारण नवरा समुद्रावर होता. तिनं एमपीएससीचा अभ्यास धरलाय. किशनराव औशाला आले की कार्यालयात डोकावतात आणि कलिंगड नाहीतर काकड्या टेबलावर ठेवतात. महामाया अजून लिहिते. कोरांटीत आता एकच चंद्र आहे आणि काळ कसा मोजतात हे ती सांगत नाही. कुणी विचारलंच तर आत्याला विचारा म्हणते.

परवा दुपारी एक पोरगा आणि एक पोरगी कार्यालयात आली. दोघंही लातूरला दवाखान्यात कामाला, सुट्टी काढून आलेली. सोबत कुणी मोठं माणूस नव्हतं. महामायानं वही ओढली आणि सवयीप्रमाणे कोणती तारीख पाहिजे म्हणून विचारलं.

"कुठली बी चालंल," पोरगी म्हणाली.

महामायानं पेन खाली ठेवला. इतक्या वर्षांत हे वाक्य तिनं या टेबलावर ऐकलं नव्हतं. कुठली बी म्हणजे कुठली, असं तिनं विचारलं. जी मोकळी असंल ती, पोरगा म्हणाला. आतल्या खोलीतून कूलर बंद झाल्याचा आवाज आला आणि अप्पा दारात येऊन उभे राहिले. त्यांनी दोघांना पायापासून डोक्यापर्यंत बघितलं.

"नीट चौकशी कर," ते महामायाच्या कानाशी येऊन म्हणाले. "काहीतरी भानगड दिसायली."